खांडीतला गणपती

आम्ही घर सोडलं तेव्हा पाच जण होतो. ठाकुमा म्हणजे माझी आजी, बाबा, आई, मी आणि धाकटा भाऊ निताई. साल एकाहत्तर, वैशाख महिना, मी आठ वर्षांची, निताई चार वर्षांचा. आकडे आधीच सांगून टाकते, कारण लोक विचारतात की तुम्ही तिकडून आलात, लढाईतून आलात, काय काय बघितलंत, आणि मला धडपणे सांगता येतं ते एवढंच की निघालो पाच आणि पेणला पोचलो तीन. ठाकुमा वाटेत एका झाडाखाली बसली ती उठली नाही, आणि निताई छावणीत गेला, पटकीनं, दोन दिवसांत. मधला सगळा चिखल आहे. चिखलातून चालताना पुढच्याची टाच बघायची असते, बाकी काही दिसत नाही, म्हणून मला आईची टाच आठवते, तिला पडलेली चीर आठवते, आणि सैनिक बिनिक काही आठवत नाहीत.

आमचं गाव खुलना जिल्ह्यातलं, नदीच्या अगदी काठावर. तेव्हा त्याला पूर्व पाकिस्तान म्हणायचे. आम्ही कुंभार, पण मडकी नाही करायचो, देव करायचो. दुर्गा, काली, सरस्वती. बाबांचा हात असा की तीन गावांतनं बोलावणं यायचं. आता हे मी ऐकलेलं सांगते, मी स्वतः बघितलंय ते म्हणजे बाबा बांबूला पेंढा बांधतायत आणि मी सुतळी धरून बसलेय. आमच्याकडे देवाला आधी हाडं करतात. बांबूची चौकट, तिच्यावर पेंढ्याचं अंग, सुतळीनं आवळून आवळून, हात, पाय, पोट, सगळं पेंढ्याचं, मग त्याच्यावर नदीची माती. त्या चौकटीला काठामो म्हणतात. विसर्जन झालं की माती विरघळून जाते आणि काठामो वर येतो, तरंगतो, तो पाण्यातनं काढून आणायचा, देवळात ठेवायचा आणि पुढच्या वर्षी त्याच्यावरच नवी देवी. हे ध्यानात ठेवा, सगळं पुढचं ह्याच्यामुळं झालं.

छावणी होती रायपूरकडे. तिथं धान्याच्या कोठारावर कमळाकरमामा म्हणून कारकून होते, ते निडीचे. निडी म्हणजे नागोठणे आणि रोह्याच्या मध्ये. एकदा बाबा नळाखालच्या मातीची बोटाएवढी लक्ष्मी करत बसले होते, ती मामांनी बघितली, बघतच राहिले, आणि म्हणाले, अरे बाबा, आमच्या पेणला देवांचे कारखाने आहेत कारखाने, तिथं हाताला माणूस मिळत नाही, आणि तू इथं नळाखाली बसलायस होय! पुढं लढाई संपली, परत जाणाऱ्यांच्या गाड्या लागल्या, तंबू रिकामे व्हायला लागले. बाबा दोनदा गाडीपर्यंत गेले आणि दोनदा माघारी आले. घर जळलेलं, हे कळलं होतं. आई म्हणाली, पाचांचं घर होतं, तिघांनी जाऊन त्याचं काय करायचं. मग मामांनी पेणच्या तात्यांच्या नावानं चिठ्ठी दिली आणि आम्ही निघालो. पनवेलहून एस.टी.नं पेणला उतरलो तर बाबा मान वर करून बघतायत. आईनं विचारलं, काय शोधता? तर म्हणे कारखान्याचं धुराडं.

धुराडं कुठलं. लांबलचक पडवी, फळ्यांवर ओळीनं गणपती, सगळे पांढरे, बिनडोळ्यांचे. मला तर भीतीच वाटली. तात्या कारखानदार, आवाजानं मोठे, मनानं वाईट नव्हते, पण हिशेबी. त्यांनी चिठ्ठी वाचली, बाबांच्या हाताकडे बघितलं, आणि म्हणाले, ह्या सीझनपुरतं काम आहे, पुढचं पुढं बघू. कारखान्यामागं मातीची खोली होती ती दिली. त्यांच्या बायकोला सगळे काकी म्हणायचे, तिनं आईला एक लुगडं दिलं आणि मला म्हणाली, काय गो, नाव काय तुझं? मी सांगितलं शेफाली. काकी म्हणाली, बरं गो शेफाली, भात जेवतेस ना? तेवढं मला कळलं. भात आणि मासे, इथं आणि तिथं हे दोन तरी एक होतं, ते नसतं तर माझी आई जगलीच नसती.

आता आईचं सांगते. आईनं पेणमध्ये जड वस्तू कधी घेतली नाही. पाटा-वरवंटा घेतला नाही, नऊ वर्षं काकीच्या पाट्यावर वाटण वाटलं. पत्र्याची पेटी घेतली नाही. खाट तर नाहीच. काकी म्हणायची, अगो, घे की एक पाटा, जन्मभर का माझ्या दारात येणारेस? आई हसायची आणि मला बंगालीत सांगायची, पाटा डोक्यावर घेऊन पळता येत नाही. आम्हाला कागद नव्हता, रेशनकार्ड नव्हतं, खाकी कपडा दिसला की आई मला आत ओढायची, मग तो पोस्टमन का असेना. मीही तशीच झाले. शाळेत मी दाराजवळच बसायची. बाईंनी पुढच्या बाकावर बसवलं की माझा अभ्यास व्हायचा नाही.

पहिलं वर्ष बाबांनी नुसती माती मळली. शाडूची माती, साच्यात दाबायची, काढायची, तासायची. बाबा म्हणायचे, हे देव हाडांशिवाय उभे राहतात कसे? दुसऱ्या वर्षी, म्हणजे त्र्याहत्तरला, धरमतरच्या खाडीकडच्या एका मिठागरवाल्यांच्या गावातनं पोरं आली. गावाचं नाव नका लिहू, ती माणसं अजून आमच्या ओळखीची आहेत. त्यांना मंडळाचा गणपती मोठा हवा होता, पुरुषभर उंच. तात्या म्हणाले, एवढा शाडूचा केला तर बारा माणसं लागतील उचलायला, आणि तुमच्या बांधावरनं नेताना बारा माणसं मावतील काय? पोरं हिरमुसली. तेव्हा बाबा पहिल्यांदा मधे बोलले, मोडक्या हिंदीत, मैं करेगा, हलका करेगा, चार आदमी. तात्यांनी बघितलं, म्हणाले, कर.

आणि काय सांगू तुम्हाला, बाबांचं अंग बदललं. वर्षभर वाकून मळणारा माणूस ताठ उभा राहिला. बांबू आणले, पेंढा आणला, मी सुतळी धरली. कारखान्यातल्या बायका कामं टाकून बघायला यायच्या, गो बाय, ह्यो तर पेंढ्याचा बुजगावणा करतोय! पण माती चढली आणि बोलणं बंद झालं. गणपती असा झाला की तात्या स्वतः येऊन पाया पडले. पोरांनी खरंच चौघांनी उचलला, नाचत नेला. जाताना बाबांनी मंडळाच्या जनार्दनला सांगितलं की दहा दिवसांनी मी येईन, काठामो न्यायला. जनार्दनला वाटलं हा बिचारा काही तरी प्रसाद मागतोय, तो म्हणाला, या या, जरूर या.

अनंत चतुर्दशीला त्यांनी गणपती खाडीत सोडला. दुसऱ्या दिवशी पुनव. पुनवेला खाडीला उधाण असतं, हे इथल्या शेंबड्या पोराला माहीत, आम्हाला कुठून असणार. त्या दिवशी दुपारी कारखान्यासमोर ट्रक थांबला, सहा माणसं उतरली, पुढं जनार्दन. बाबा त्यांची वाटच बघत होते. हसत पुढं गेले, हात पुसत, आणि विचारलं, काठामो लाया?

जनार्दननं त्यांची गचांडीच धरली. म्हणाला, देव परत आला, कळतंय का तुला? डोकं नाय, सोंड नाय, पेंढ्याचा मढा तरंगत आला आमच्या दारात! आणि त्याच भरतीला बांधाला खांड पडली, खारं पाणी भातात घुसलं, उद्यापासून पितृपाख, ह्यो आमच्यावर काय आणलंस तू? खांड म्हणजे बांध फुटून पडलेलं भगदाड, एवढं मला तेव्हा कळत होतं. बाबा आपले समजावतायत, अच्छा है, अच्छा है, हमारे देस में ऊपर आता है, फिर दूसरा साल वही. जितकं समजावतील तितके ते सहा जण भडकतायत. दुसरा म्हणाला, ह्याचा देस मोडला, आता आमचा मोडायला आलाय.

हे वाक्य मी बाबांना बंगालीत सांगितलं नाही. आयुष्यात मी एवढं एकच वाक्य गाळलं.

तात्या बाहेर आले. सगळं ऐकून घेतलं. मग बाबांकडे न बघता म्हणाले, मी ह्याला आज काढतो, संध्याकाळच्या पनवेल गाडीनं जातील तिघं. तात्यांचं चुकलं असं मी म्हणत नाही, त्या खाडीकाठची दहा गावं त्यांची गिऱ्हाईकं होती. आई आत गेली आणि भांडी बांधायला लागली. आमची भांडी सात होती. मी दारात उभी राहून मोजत होते आणि मनात एकच, की आता कुठं? पनवेलच्या पुढं काय आहे, ते मला माहीतच नव्हतं.

पण जनार्दन म्हणाला, आधी ह्याला आमच्याबरोबर धाडा. तो सांगाडा खांडीत अडकलाय, त्याला हात लावायला गावात कोण तयार नाय. ह्यानं केला, ह्यानंच काढावा, मग जाऊ दे खुशाल. बाबांना मराठी येत नव्हती म्हणून मलाही ट्रकवर घेतलं. आईला वाटलं आम्ही गेलो ते गेलोच. ती ट्रकमागं वळणापर्यंत धावली.

बांधावर अर्धं गाव जमलेलं. ओहोटी लागली होती, भातात घुसलेलं पाणी खांडीतनं परत खाडीकडे चाललं होतं, आवाज करत, आणि बांधाची माती बरोबर नेत होतं. खांड चार हात रुंद, आणि तिच्या बरोबर मधे तो, आडवा, दोन्ही हात पसरलेले, डोकं नाही. मी डोळे मिटले. बाबा कमरेएवढ्या पाण्यात उतरले. सगळे वाट बघतायत, आता ओढील, मग ओढील. बाबांनी हात लावला, वाकून खालून बघितलं, आणि तिथनंच ओरडले, बंगालीत, शेफाली, सांग ह्यांना, हा ओढायचा नाही! ह्याला धरून दोन्हीकडची माती उभी आहे, हा काढला तर सगळा बांध जाईल. पेंढा आणा म्हणावं, चिखल आणा, बांबू आणा, लवकर!

आता मी दहा वर्षांची पोर, समोर चिडलेलं गाव, ज्या माणसाला हाकलायचंय तोच हुकूम सोडतोय, आणि ते हुकूम माझ्या तोंडून. मी सांगितलं. कोणी हललं नाही. जनार्दन म्हणाला, काय बोलतेय ही पोरगी? परत सांगितलं. मला रडू यायला लागलं. तेव्हा गर्दीतनं एक म्हातारी पुढं आली, काळीकुळीत, काष्टा नेसलेली, ठकूबाय. मिठागरात तिची हयात गेलेली, तिला बांध कळायचा. तिनं खांडीकडे बघितलं, बाबांकडे बघितलं, आणि जनार्दनला म्हणाली, अरं मेल्या, तो परत कंचा आलाय? तो खांडीत आडवा पडलाय. तुमी निजलेलात तवा तुमच्या भातावर तो एकटा निजला, आन् तुमी त्याला मढा म्हणताव? आना पेंढा!

मग मात्र पेंढा आला. बाबा पाण्यात, पेंढ्याचे मुटके वळतायत, सुतळीनं आवळतायत, जसे देवीचे हात वळायचे तसेच, त्या सांगाड्याला जोडून बांधतायत, वर चिखल, परत पेंढा, परत चिखल. इथले लोकही खांड पेंढा-चिखलानंच बुजवतात, ते काही बाबांनी शिकवलं नाही, पण बाबांची गाठ वेगळी होती, ती पाण्यात सुटायची नाही. पहिल्यांदा चार माणसं उतरली, मग दहा, मग मी मोजायचं सोडलं. मी वर बसून सुतळी कापून देत होते. भरती आली तेव्हा सगळे बांधावर चढून उभे राहिले. पाणी चढलं, वीतभर खाली राहिलं, थांबलं. बांध राहिला. गणपती अजून त्याच्या पोटात आहे.

तात्यांनी सांगितलेली पनवेलची गाडी कधीच गेली होती. ठकूबाय म्हणाली, आता ह्याला कुठं धाडताव, उद्या परत उधाण हाय. म्हणून तो दिवस राहिलो, ट्रकनं पेणला आईकडे परत आलो. दुसऱ्या दिवशी बाबा परत बांधावर. असे पाच दिवस, उधाण उतरेपर्यंत. मग तात्या म्हणाले, दिवाळीच्या पणत्यांचं काम आहे, तेवढं होऊ दे. मग माघी गणपती आला. मग पुढचा सीझन. कोणी आम्हाला राहा म्हटलं नाही हो. जा म्हणायचं राहून गेलं, एवढंच. त्या गावानंही दोन वर्षं गणपती दुसरीकडनं नेला, सगळंच काही गोड झालं नाही, काही माणसं बाबांना बघून रस्ता बदलायची. तिसऱ्या वर्षी जनार्दन आला, म्हणाला, शाडूचाच द्या, लहान द्या, पण ह्यांच्या हातचा द्या. बाबांनी परत कधी पेंढा बांधला नाही.

ठकूबायला मी मोठेपणी विचारलं, आजी, खरंच वाटलं होतं का तुला की देव आडवा पडलाय म्हणून? ती म्हणाली, मला काय म्हायती गो! बांध चाललेला, पाण्यात उतरलेला एकच माणूस, त्याला घालवून मी काय करनार होते?

मी एकोणीसची झाले तेव्हा कमळाकरमामांनी स्वतःचा पुतण्या सुचवला. रोह्याला कंपनीत फिटर. लग्नात आमच्या बाजूला माणसं मोजली तर आई, बाबा, तात्या, काकी आणि कारखान्यातल्या बायका. त्याच पंधरवड्यात आईनं काकीच्या पाट्यावरनं पहिल्यांदा भांडण काढलं आणि स्वतःचा पाटा आणला. मला वाटलं, आता ही बसली. ती बसली खरी, पण तिचं ते सगळं माझ्या अंगात आलं. काय सांगू तुम्हाला, मी ह्यांना चौदा वर्षांत नऊ खोल्या बदलायला लावल्या. रोह्यात अशी आळी नाही जिथं आम्ही राहिलो नाही. एका खोलीला पाणी नव्हतं, ते कारण बरोबर. एकीच्या भिंतीला ओल. पण एक खोली मी एवढ्यासाठी सोडली की घरमालकीण फार जीव लावायला लागली होती. मला वाटायचं, कोणी जा म्हणायच्या आत आपण उठलेलं बरं. हे रात्रपाळी करून यायचे आणि म्हणायचे, अगो, आज आपला घर कुठं हाय तेवढं चिठ्ठी लिहून ठेवत जा, मी भलत्याच्या दारात जाऊन जेवायला मागतो. शेजारणी म्हणायच्या, हिचा पाय घरात नाय, वहाणेत हाय.

दहावं घर वरशाला, रोह्याला लागूनच, स्वतःचं. हे ह्यांनी मला न विचारता बांधायला घेतलं, विचारलं असतं तर मी मोडता घातला असता. तिथं मागल्या अंगणात मी गणपतींचं काम सुरू केलं. पेणहून कच्च्या मूर्ती आणते, रंगवते, डोळ्यांची आखणी मी स्वतः करते, ती दुसऱ्या कोणाला देत नाही. सीझनला दोनशे दहा ते दोनशे तीस, त्याच्या वर घेत नाही, हात थकतो. बाबा गेले, आई गेली, दोघंही पेणला. कागदही झाला यथावकाश, लग्नानंतर, बाबांचा मात्र शेवटपर्यंत अर्धाच राहिला.

आता परवाची गोष्ट. लेक पनवेलला असते, जावई चांगले आहेत, तिनं मोठा फ्लॅट घेतला. ती आणि हे, दोघांनी मिळून ठरवलं की वरशाचं घर विकायचं आणि आम्ही तिच्याकडे जायचं. ह्यांचे गुडघे गेलेत, दवाखाना तिथं जवळ. सगळ्यांना वाटलं, हिला काय, ही तर उठायला टपलेलीच. मलाही तसंच वाटलं, खोटं कशाला सांगू, पहिल्या दिवशी मी आनंदानं भांडी काढली. गिऱ्हाईक येऊन घर बघून गेलं, खोल्यांची मापं घेतली, अंगणात शेड मारीन म्हणाला. आणि सही करायला म्हणून बसलो तर माझा हात जाईना. मी म्हटलं, मी नाही येत. लेक म्हणाली, आई, अगं आत्तापर्यंत तूच तर. मी म्हटलं, हो, मीच. पण कोणी मला राहा म्हणेल म्हणून मी बावन्न वर्षं वाट बघितली, आणि कोणी म्हटलं नाही, आता ते कोण म्हणायचं राहिलंय? मीच म्हणते. मी राहते. हे गिऱ्हाइकाला म्हणाले, जा बाबा तू, आमची म्हातारी बसली.

पण बसली कुठं! राहायचं ठरलं म्हणून जीव थाऱ्यावर येतो असं नाही. सकाळी अजून मी स्टँडवर एक फेरी मारते, मुरूडची गाडी जाते, पनवेलची जाते, बघते आणि घरी येते. तुम्ही हे लिहून घेताय तेवढ्यात मी चार वेळा उठले, तुम्हीच बघितलंत. तुमचं कल्याण होवो, शांतपणे ऐकलंत. ह्यांचं आतनं चालूच आहे, ऐकू येतंय ना, अगो बस गो जरा, पाहुणे काय म्हणतील. बसते हो. आत्ता बसते. तेवढे उन्हातले गणपती आत घेऊ द्या, तडकतील.